पंडिता रमाबाईंचा धर्म

पुण्याहून सोलापूरकडे जाणाऱ्या लोहमार्गावर केडगाव नावाचे एक स्थानक आहे. त्या गावालगतच्या माळरानावर उभारलेल्या आश्रमात ५ एप्रिल १९२२ रोजी पंडिता रमाबाईंचे निधन झाले. वयाची चौसष्ट वर्षे पुरी होण्यास तेव्हा अवघे अठरा दिवस उरले होते. या घटनेला शंभराहून अधिक वर्षे लोटली आहेत. स्त्रीशिक्षणाचा इतिहास सांगताना रमाबाईंचे नाव आदराने घेतले जाते. परंतु त्यांच्या धर्मांतराचा प्रसंग आला की लेखणी अडखळते. कोणी त्याला एका विदुषीचे स्खलन मानतो, कोणी परिस्थितीने लादलेली अपरिहार्यता म्हणून त्याची समजूत घालतो, तर कोणी त्याचा उल्लेख टाळूनच पुढे जातो. या तिन्ही भूमिकांमध्ये एक दोष समान आहे. रमाबाईंची श्रद्धा त्यांच्या कार्यापासून वेगळी काढता येते असे त्या गृहीत धरतात. त्यांचे चरित्र मात्र या गृहीताला दुजोरा देत नाही.

दुष्काळाची पोरकी

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीच्या कुशीतील गंगामूळ येथील अरण्यात झाला. वडील अनंतशास्त्री डोंगरे हे जुन्या परंपरेतील नामवंत पंडित. पुण्यात विद्यार्थिदशेत असताना आपले गुरू पेशव्यांच्या पत्नीस संस्कृत शिकवीत असल्याचे त्यांनी पाहिले होते, आणि आपल्या घरातील स्त्रीनेही ही विद्या आत्मसात करावी अशी इच्छा त्यांच्या मनात रुजली. द्वितीय पत्नी लक्ष्मीबाई हिला त्यांनी संस्कृत शिकविले. या अपराधाबद्दल त्यांना जाब विचारण्यात आला, तेव्हा शास्त्राधार देऊन त्यांनी आपली बाजू मांडली. वडील वृद्ध झाल्यामुळे रमाबाईंचे शिक्षण आईकडे आले. त्या वयातच भागवताचे हजारो श्लोक त्यांना मुखोद्गत झाले होते.

अनंतशास्त्र्यांचे कुटुंब पुढे तीर्थोतीर्थी पुराण सांगत फिरू लागले. मिळेल ते दान धर्मकृत्यांत खर्च करावे आणि देवाच्या भरवशावर पुढल्या गावाची वाट धरावी, असा तो जीवनक्रम होता. दक्षिणेत दुष्काळ पडला तेव्हा तो कोसळला. अंगमेहनतीची सवय नाही, भीक मागणे कुलाच्या अभिमानास मानवत नाही, आणि पुराण ऐकण्यास लोकांच्या पोटात अन्न नाही, अशा कोंडीत हे विद्वान घर सापडले. १८७४ मध्ये वडील गेले. पाठोपाठ आई गेली. नंतर थोरली बहीण गेली. आईच्या तिरडीला खांदा देण्यास पुरेशी माणसे मिळाली नाहीत, म्हणून मुलीलाच पुढे व्हावे लागले. आणि उंची कमी असल्यामुळे तिला तो भार डोक्यावर वाहावा लागला. सोळा वर्षांच्या मुलीच्या मनावर उमटलेला हा घाव आयुष्यभर बुजला नाही.

उरलेली दोघे भावंडे, श्रीनिवास आणि रमा, पायी भारतभर हिंडली. सारी व्रते आणि तीर्थयात्रा यथासांग करूनही देव का पावला नाही, हा प्रश्न त्या वाटचालीत त्यांच्या मनात घर करू लागला. १८७८ मध्ये ती कलकत्त्यास पोहोचली. तेथील पंडितांनी या तरुण मुलीची परीक्षा घेतली आणि तिला पंडिता व सरस्वती या पदव्या दिल्या. विरोधाभास असा की, ज्या शास्त्रांच्या ज्ञानाबद्दल हा गौरव झाला, त्यांचे अध्ययन जसजसे खोल गेले तसतशी रमाबाईंची अस्वस्थता वाढत गेली. केशवचंद्र सेनांच्या आग्रहावरून त्यांनी वेदांचेही वाचन आरंभिले. धर्मशास्त्रांमध्ये अनेक बाबतींत परस्परविरोध आहेत. परंतु स्त्री आणि शूद्र यांना मोक्षाचा स्वतंत्र अधिकार नाकारण्याच्या बाबतीत मात्र त्यांचे एकमत आहे, असा निष्कर्ष त्यांच्या हाती आला. हा निष्कर्ष कोणा मिशनऱ्याने त्यांच्या कानी घातलेला नव्हता. मूळ ग्रंथ वाचून त्यांनी तो स्वतः काढला होता, आणि म्हणूनच त्याला उत्तर देणे पुढे त्यांच्या टीकाकारांना जड गेले.

१८८० मध्ये भाऊ वारला. त्याच वर्षी रमाबाईंनी बिपिनबिहारी दास मेधावी या वकिलाशी नोंदणी पद्धतीने विवाह केला. वर शूद्र मानल्या गेलेल्या जातीतील होता. आसामच्या कचार भागात सिलचर येथे त्यांनी संसार थाटला. १८८१ मध्ये मनोरमा ही कन्या झाली. ४ फेब्रुवारी १८८२ रोजी पटकीने पतीचा बळी घेतला. वयाच्या चोविसाव्या वर्षी माहेर नाही, सासर नाही, जातीचा आधार नाही आणि कडेवर तान्ही मुलगी, अशी त्यांची स्थिती झाली.

चर्चशीही वाद

त्याच वर्षी रमाबाई पुण्यास आल्या. त्यांनी आर्य महिला समाजाची स्थापना केली, ‘स्त्रीधर्मनीति’ हे पुस्तक लिहिले, आणि हंटर आयोगापुढे साक्ष देऊन स्त्री शिक्षिकांची व स्त्री डॉक्टरांची गरज प्रतिपादन केली. वैद्यकीय शिक्षणाच्या हेतूने १८८३ मध्ये त्या इंग्लंडला गेल्या. वाढत्या बहिरेपणामुळे तो मार्ग बंद झाला. सोबत आलेल्या आनंदीबाई भगत यांनी तेथे आत्मघात करून घेतला. अशा शोकाकुल काळात, २९ सप्टेंबर १८८३ रोजी, वॉन्टेज येथे रमाबाईंनी कन्येसह बाप्तिस्मा घेतला.

दुःखाने खचलेल्या स्त्रीला मिशनऱ्यांनी गाठले, असा निष्कर्ष येथे काढला जातो. तो सोपा आहे, पण पुरेसा नाही. सिलचरला असतानाच बंगाली भाषेतील लूकचे शुभवर्तमान त्यांच्या वाचनात आले होते. पुण्यात नीळकंठशास्त्री, म्हणजेच फादर नेहेम्या गोऱ्हे, यांच्याशी त्यांची चर्चा झाली होती. परंतु मनाचा कौल फिरला तो एका प्रत्यक्ष दर्शनाने. समाजाने पतित ठरविलेल्या स्त्रियांची शुश्रूषा लंडनमध्ये जोगिणी प्रेमाने करीत असल्याचे त्यांनी पाहिले. अशा स्त्रियांना दंड सांगणारी शास्त्रे त्यांना ठाऊक होती. त्यांना जवळ घेणारा धर्म त्या प्रथमच पाहत होत्या. या दयेचे मूळ शोधताना त्यांना शोमरोनी स्त्रीशी विहिरीकाठी बोलणाऱ्या ख्रिस्ताची कथा वाचावयास मिळाली. परक्या जातीच्या, लोकांनी नावे ठेवलेल्या स्त्रीकडे पाणी मागणारा आणि तिलाच सर्वश्रेष्ठ उपदेशाची अधिकारी मानणारा हा गुरू त्यांना आजवर कोणत्याही ग्रंथात भेटला नव्हता.

तथापि एका अधिकाराचे जोखड उतरवून दुसरे मानेवर घेण्यास रमाबाई तयार नव्हत्या. त्रैक्याच्या सिद्धान्तावर आणि चर्चच्या मतांगीकारावर त्यांनी शंका घेतल्या. त्यांच्या धर्ममाता सिस्टर जेरल्डिन यांच्याशी झालेल्या पत्रव्यवहारात हा झगडा पानोपानी दिसतो. गळ्यातील क्रूसावर लॅटिन अक्षरे का असावीत, संस्कृत का नकोत, असा त्यांचा प्रश्न होता. शाकाहार त्यांनी सोडला नाही. चेल्टनहॅमच्या महिला महाविद्यालयात असताना त्यांनी पुरुषांना शिकविण्यास काही बिशपांनी हरकत घेतली, तेव्हा त्यांनी ती निमूटपणे मान्य केली नाही. पुण्याच्या शास्त्र्यांनी स्त्रीचे ओठ शिवले होते. इंग्लंडच्या धर्मगुरूंनाही तो अधिकार त्यांनी दिला नाही. महाराष्ट्रात या धर्मांतरावर टीकेचा भडिमार होत असताना जोतीराव फुल्यांनी १८८५ मध्ये ‘सत्सार’मधून रमाबाईंची बाजू घेतली, हे या संदर्भात विसरता कामा नये.

शारदा सदनाचे वादळ

आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदान समारंभासाठी १८८६ मध्ये रमाबाई अमेरिकेस गेल्या. तेथे त्यांनी ‘द हाय कास्ट हिंदू वूमन’ हे पुस्तक लिहून बालविधवांची दैना जगापुढे मांडली. बोस्टन येथे त्यांच्या साहाय्यासाठी संस्था निघाली आणि त्या बळावर ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत शारदा सदन सुरू झाले. पुढे ते पुण्यास हलले. न्यायमूर्ती रानडे, डॉ. भांडारकर यांच्यासारखे सुधारक त्याच्या सल्लागारांत होते. सदनात कोणत्याही धर्माची शिकवण दिली जाणार नाही, ही अट होती.

१८९३ मध्ये वादळ उठले. रमाबाई स्वतःच्या खोलीत प्रार्थना करीत. खोलीचे दार उघडे असे. काही मुली तेथे येऊन बसत. ‘केसरी’ने टीकेची झोड उठविली, सल्लागारांनी संबंध तोडले, अनेक पालकांनी मुली काढून नेल्या. या वादात दोन्ही बाजूंस काही म्हणण्यासारखे होते. आश्रयास आलेल्या अल्पवयीन मुलींवर आश्रयदात्रीच्या श्रद्धेचा प्रभाव पडणार, ही शंका अनाठायी म्हणता येत नाही. सुधारकांनी शब्दावर विसंबून मुली पाठविल्या होत्या आणि समाजापुढे उत्तर त्यांनाच द्यावे लागत होते. परंतु ज्या समाजाने त्या मुलींचे केशवपन करून त्यांना अंधाऱ्या कोपऱ्यात बसविले होते, त्याला त्यांच्या आत्म्याची चिंता धर्म बदलण्याच्या भयानेच वाटावी, ही गोष्टही विसरता येत नाही. आपली प्रार्थना दार लावून करण्यास रमाबाईंनी नकार दिला. त्याची किंमत त्यांनी मोजली. शारदा सदनाची आरंभीची विद्यार्थिनी गोदूबाई हिचा त्याच वर्षी धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह झाला, आणि हिंदू विधवांसाठीच्या कर्व्यांच्या कार्याचा पुढे विस्तार झाला. सदनाने पेरलेले बी असे त्याच्या विरोधकांच्या अंगणातही उगवले.

मुक्तीचे माळरान

१८९६–९७ मध्ये मध्य प्रांतात दुष्काळ पडला. त्याच्या बातम्या वाचून अनेकांना हळहळ वाटली असेल. रमाबाईंना आपले पोरकेपण आठवले. त्या स्वतः तेथे गेल्या आणि सुमारे तीनशे मुली व स्त्रिया घेऊन परतल्या. त्यांच्यासाठी केडगावच्या जमिनीवर झोपड्या उभ्या राहिल्या आणि मुक्ती सदनाचा जन्म झाला. १९०० च्या सुमारास, गुजरातेतील दुष्काळानंतर, तेथील वस्ती दोन हजारांच्या घरात गेली. या मुली शेती करीत, कापड विणीत, तेलाचे घाणे चालवीत, गाई राखीत, छापखान्यात खिळे जुळवीत. फसविल्या गेलेल्या स्त्रियांसाठी कृपा सदन निघाले. मनोरमाबाईंच्या पुढाकाराने अंध मुलींना ब्रेल लिपी शिकविण्याची सोय झाली.

राज्यकर्त्यांचा धर्म स्वीकारला म्हणून रमाबाई राज्यकर्त्यांच्या भाट झाल्या नाहीत. १८९७ मध्ये पुण्यात प्लेगच्या बंदोबस्तात स्त्रियांची जी विटंबना झाली, तिच्याविरुद्ध त्यांनी वृत्तपत्रात उघडपणे लिहिले आणि सरकारचा रोष पत्करला.

मुक्ती सदन मात्र उघडपणे ख्रिस्ती होते. तेथे आलेल्या बहुतेक मुली ख्रिस्ती झाल्या. भुकेल्या मुलीच्या धर्मांतरात तिची स्वेच्छा किती, हा प्रश्न विचारला गेला आणि तो विचारला जाणे योग्यच आहे. पण तो विचारताना त्याच्या शेजारीच दुसराही प्रश्न ठेवावा लागतो. रमाबाई गेल्या नसत्या, तर त्या मुलींसाठी दुसरे कोण तेथे जाणार होते?

आयुष्याच्या उत्तरार्धात बायबलच्या मराठी भाषांतराचे काम त्यांनी एकटीने अंगावर घेतले. प्रचलित भाषांतरांची भाषा संस्कृतप्रचुर होती; खेड्यातल्या अल्पशिक्षित बाईला ती उमजत नसे. त्यासाठी हिब्रू व ग्रीक भाषा शिकून त्यांनी सोप्या मराठीत संपूर्ण ग्रंथ उतरविला. तो छापण्याचे काम आश्रमातल्याच स्त्रियांनी केले. संस्कृतच्या बळावर ज्यांना सरस्वती ही पदवी मिळाली, त्यांनीच अखेरीस संस्कृतचा भार उतरवून धर्मग्रंथ सामान्य बाईच्या हाती दिला. वेदाधिकार नाकारला जाण्याच्या जुन्या जखमेवर त्यांनी शोधलेले औषध ते हेच.

२४ जुलै १९२१ रोजी मनोरमाबाई निवर्तल्या. माय, बाप, बहीण, भाऊ आणि पती यांच्यानंतर कार्याची वारस असलेली एकुलती एक लेकही गेली. रमाबाईंनी भाषांतराचे काम थांबविले नाही. ते पुरे होताच, नऊ महिन्यांच्या आत, त्यांनीही डोळे मिटले.

श्रद्धेमुळे रमाबाईंच्या जखमा नाहीशा झाल्या, असे त्यांचे चरित्र सांगत नाही. दुष्काळ त्या विसरल्या नाहीत. शास्त्रांनी केलेला अन्यायही विसरल्या नाहीत. मात्र त्या दुःखाचे विष होऊ न देण्याचे बळ त्यांना या श्रद्धेने दिले. ज्या वयात त्या आईची तिरडी डोक्यावर घेऊन चालल्या, त्या वयाच्या शेकडो मुलींना त्यांनी छप्पर, अन्न आणि अक्षर दिले. त्यांचा धर्म मान्य असो वा नसो, त्यांची परीक्षा याच कसोटीवर झाली पाहिजे. १९८९ मध्ये भारत सरकारने त्यांच्या स्मरणार्थ टपाल तिकीट काढले. तिकिटावरचा सन्मान सोपा असतो. एका ब्राह्मण पंडितेला करुणा शोधण्यासाठी सात समुद्र का ओलांडावे लागले, या प्रश्नाचे उत्तर देणे महाराष्ट्राला अधिक अवघड आहे. आणि ते दिल्यावाचून रमाबाईंचे ऋण फिटणार नाही.