विनातारण

1996 च्या गणपतीत घर पाहुण्यांनी भरले होते आणि माझा पुतण्या मात्र आतल्या खोलीत, कानाला वॉकमन लावून, भिंतीकडे तोंड करून बसला होता. त्या वर्षी तो बारावीला नापास झालेला. चौकशी केली तेव्हा कळले, अमेरिकेतला कुणी गाणारा गेला म्हणून हे सुतक. मी तेव्हा बँकेत कर्ज विभागात होतो. समोरच्या माणसाची पत तारणावरून जोखायची सवय अंगात मुरली होती. गोळ्या खाऊन मेलेल्या एका बडबड्यासाठी काय रडतोस, असे मी त्याला चारचौघांत सुनावले. त्याने वाद घातला नाही. कॅसेट काढून माझ्या हातात ठेवली. ती मी ऐकली निवृत्तीनंतर.

तो गाणारा म्हणजे टूपाक शकूर. 13 सप्टेंबर 1996 रोजी लास वेगासमध्ये तो गेला, तेव्हा त्याचे वय 25 होते.

त्याची कथा त्याच्या जन्माआधी, न्यायालयात सुरू होते. आई आफेनी ही ब्लॅक पँथर पक्षाची कार्यकर्ती. बॉम्बस्फोटांच्या कटाच्या आरोपाखाली न्यूयॉर्कमध्ये 21 पँथर्सवर खटला भरला गेला, त्यातली ती एक. गरोदरपणाचे काही महिने तिने तुरुंगात काढले. वकील न घेता तिने स्वतःची बाजू स्वतः मांडली. मे 1971 मध्ये ती निर्दोष सुटली आणि 16 जूनला मुलगा झाला. वर्षभराने त्याला पेरूमधल्या टूपाक अमारू या बंडखोराचे नाव मिळाले. स्पॅनिश सत्तेने त्या बंडखोराला 1781 मध्ये देहदंड दिला होता. आपल्याकडे मुंबईत दलित पँथर स्थापन झाली तीही 1972 सालीच, आणि नाव घेतले ते आफेनीच्याच पक्षावरून. हे ध्यानात आले तेव्हा हा परका मुलगा मला एकदम ओळखीचा वाटू लागला.

बाळपण मात्र ओढगस्तीचे. घरे बदलत राहिली, बाप घरात नव्हता. बाल्टिमोरच्या कलाशाळेत त्याने अभिनय, कविता आणि बॅलेसुद्धा शिकला. पण 1988 मध्ये कुटुंब कॅलिफोर्नियातल्या मरीन सिटीला गेले आणि शाळा सुटली. तिथे आई क्रॅक कोकेनच्या आहारी गेली. ज्या बाईने सरकारशी एकटीने झुंज घेतली, ती पुडीपुढे हरताना मुलाने पाहिली. पुढे तो डिजिटल अंडरग्राउंड या चमूत सामान उचलणारा आणि नाचणारा म्हणून लागला. 1991 मध्ये त्याचा पहिला अल्बम आला. वर्तमानपत्रातल्या एका बातमीवरून त्याने बारा वर्षांच्या कुमारी मातेवर गाणे रचले होते, ते याच अल्बममधले. 1993 साली ‘कीप या हेड अप’ आले. एकटीने मुले वाढवणाऱ्या गरीब काळ्या बायांना धीर देणारे आणि त्यांना टाकून जाणाऱ्या पुरुषांना जाब विचारणारे.

इथे माझी लेखणी अडते. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात न्यूयॉर्कच्या एका हॉटेलातल्या घटनेवरून एका तरुणीने त्याच्यावर लैंगिक अत्याचाराची तक्रार केली. त्याने अखेरपर्यंत गुन्हा नाकारला. 30 नोव्हेंबर 1994 रोजी मॅनहटनमधल्या स्टुडिओच्या दाराशी त्याच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. दुसऱ्या दिवशी तो चाकांच्या खुर्चीत बसून न्यायालयात आला. गंभीर आरोपांतून सुटला, पण लैंगिक अत्याचाराबद्दल दोषी ठरला. त्याच्या चाहत्यांना हे प्रकरण वगळावेसे वाटते, टीकाकारांना याच्यापलीकडे काही दिसत नाही. मला दोन्ही सोयीचे वाटते. स्त्रीच्या बाजूने उभे राहिलेले गाणे खरे, आणि त्या तरुणीची तक्रारही न्यायालयात टिकली. एकाच्या जमेतून दुसऱ्याची नावे बाजू पुसता येत नाही.

तो तुरुंगात असताना, मार्च 1995 मध्ये, ‘मी अगेन्स्ट द वर्ल्ड’ हा अल्बम आला आणि अमेरिकेच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेला. गजाआड असताना असा मान मिळालेला तो पहिलाच कलावंत. पुतण्याच्या कॅसेटवर हाच अल्बम होता. त्यातले ‘डिअर मामा’ मी आता अनेकदा ऐकले आहे. आईचे व्यसन त्यात लपवलेले नाही, तिचे उपकारही कमी केलेले नाहीत. हातात काही नसताना तिने चूल पेटती ठेवली, एवढीच त्या आशेची ठेव. 2010 मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसने जतन करण्याजोग्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रणांत हे गाणे घेतले.

पुढचे वर्ष घाईचे आणि कडवट गेले. अपील चालू असताना ऑक्टोबर 1995 मध्ये 14 लाख डॉलरच्या जामिनावर तो सुटला. जामिनाची व्यवस्था डेथ रो या कंपनीकडून झाली आणि बदल्यात त्याने तीन अल्बमचा करार केला. असा जामीनदार किती महाग पडतो, हे बँकवाल्याला सांगायला नको. वर्ष संपायच्या आत, टायसनची लढत पाहून परतताना मोटारीत त्याच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. खुनाच्या आरोपाखाली पहिली अटक व्हायला 2023 उजाडले.

आई मात्र व्यसनातून बाहेर आली होती. मुलाची अप्रकाशित गाणी तिने जगापुढे आणली, मुलांच्या कलाशिक्षणासाठी संस्था काढली. 2016 मध्ये ती गेली.

परवा मी ती कॅसेट पुतण्याला परत दिली. त्याचे वडील लवकर गेले. आमच्या वहिनीने डबे करून त्याला वाढवले, आणि तो नापास झाला त्या वर्षी ती आजारी होती. हे मला तेव्हाही ठाऊक होते. तो भिंतीकडे तोंड करून कोणते गाणे ऐकत होता, हे तेवढे मी विचारले नव्हते.