शांततेचा पुरस्कर्ता गणितज्ञ : दामोदर धर्मानंद कोसंबी

१९४५ च्या ऑगस्ट महिन्यात हिरोशिमा व नागासाकी ही दोन शहरे अणुबॉम्बने उद्ध्वस्त झाली. नागासाकीतील उराकामी येथील कॅथलिक महामंदिर आणि त्याभोवती पिढ्यान्‌पिढ्या श्रद्धा जपणारी वस्तीही त्यात भस्मसात झाली. या संहारानंतर जगभरच्या अनेक वैज्ञानिकांना आपल्या विद्येचा जाब स्वतःलाच द्यावासा वाटला. मराठी मुलखातील अशा विद्वानांत दामोदर धर्मानंद कोसंबी यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागते. प्राचीन भारताचे इतिहासकार म्हणून आपण त्यांना ओळखतो. अण्वस्त्रविरोधासाठी त्यांनी वेचलेली वर्षे मात्र फारशी कोणाच्या स्मरणात नाहीत.

कोसंबी यांचा जन्म ३१ जुलै १९०७ रोजी गोव्यातील कोसबें येथे झाला. त्यांचे वडील आचार्य धर्मानंद कोसंबी हे बौद्ध धर्माचे थोर अभ्यासक होते. १९१८ साली वडिलांसमवेत ते अमेरिकेस गेले आणि १९२९ मध्ये हार्वर्ड विद्यापीठाचे पदवीधर झाले. मायदेशी परतल्यावर बनारस व अलीगढ येथे आणि पुढे पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात त्यांनी गणित शिकविले. डॉ. होमी भाभा यांनी मुंबईत स्थापन केलेल्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत ते १९४६ पासून गणिताचे प्राध्यापक झाले. राहणे पुण्यात आणि काम मुंबईत असल्यामुळे डेक्कन क्वीनचा प्रवास त्यांच्या दिनक्रमाचा भाग बनला होता.

१९४८-४९ मध्ये इंग्लंड-अमेरिकेच्या दौऱ्यात प्रिन्स्टन येथे त्यांची आल्बर्ट आइन्स्टाइन यांच्याशी भेट झाली. त्यानंतरच्या दशकात ते जागतिक शांतता चळवळीत उतरले. या चळवळीने १९५० साली स्टॉकहोम येथून अण्वस्त्रांवर संपूर्ण बंदीची मागणी करणारे आवाहन काढले व त्यावर देशोदेशी सह्या गोळा केल्या. कोसंबी जागतिक शांतता परिषदेचे सदस्य होते. परिषदेच्या कार्यासाठी ते हेलसिंकी, मॉस्को, पेकिंग अशा ठिकाणी गेले. युद्धाचे मूळ साम्राज्यवादात आणि शस्त्रांवर पोसल्या जाणाऱ्या अर्थव्यवस्थेत आहे, असे त्यांचे प्रतिपादन होते.

परंतु केवळ बॉम्बला विरोध करून ते थांबले नाहीत. २५ जुलै १९६० रोजी पुण्याच्या रोटरी क्लबमध्ये दिलेल्या व्याख्यानात त्यांनी भारताच्या अणुऊर्जा कार्यक्रमाचीच चिकित्सा केली. अणुवीज खरोखर किती खर्चात पडते, हा प्रश्न त्यांनी विचारला आणि सूर्यप्रकाशाने समृद्ध असलेल्या आपल्या देशाने सौरऊर्जेच्या संशोधनावर भर द्यावा, असे सुचविले. या ऊर्जेस इंधनाचा खर्च नाही आणि ती जेथल्या तेथे वापरता येते, ही त्यांची बाजू होती. तसेच संशोधन कागदावर न राहता लोकांच्या उपयोगी पडले पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता.

हे बोलणे सोपे नव्हते. ज्यांच्या संस्थेत ते काम करीत, ते डॉ. भाभाच देशाच्या अणुऊर्जा आयोगाचे अध्यक्ष होते. दोघांतील मतभेद वाढत गेले आणि १९६२ मध्ये कोसंबी यांच्या नेमणुकीचा करार पुढे वाढविण्यात आला नाही. सोळा वर्षांची सेवा अशा रीतीने संपली. भाभांचे २४ जानेवारी १९६६ रोजी विमान अपघातात निधन झाले. त्याच वर्षी २९ जून रोजी पुण्यात कोसंबी यांनी अखेरचा श्वास घेतला. तेव्हा त्यांचे वय ५८ वर्षांचे होते.

त्यांच्या कार्याची मर्यादाही सांगितली पाहिजे. जागतिक शांतता परिषदेचा कल सोव्हिएत संघाकडे होता. अमेरिकेच्या बॉम्बवर ती जितकी कठोर असे, तितकी सोव्हिएत बॉम्बवर नसे. स्वतः कोसंबी मार्क्सवादी होते आणि त्यांचा धर्मश्रद्धेवर विश्वास नव्हता. मग त्यांचे स्मरण आम्ही का करावे? पोप २३ वे जॉन यांनी ११ एप्रिल १९६३ रोजी शांततेविषयीचे आपले परिपत्रक प्रसृत केले, ते केवळ कॅथलिकांना उद्देशून नव्हते; सदिच्छा बाळगणाऱ्या सर्व माणसांना उद्देशून होते. अण्वस्त्रांवर बंदी यावी आणि शस्त्रसाठे सर्व बाजूंनी एकाच वेळी कमी व्हावेत, अशी मागणी त्यात होती. त्याच वर्षी ५ ऑगस्टला मॉस्को येथे वातावरणातील अणुचाचण्या थांबविणारा करार झाला. श्रद्धावान व अश्रद्ध अशा दोघांच्याही प्रयत्नांनी जे लोकमत घडले, त्याचा या करारामागे वाटा होता.

कोसंबी यांच्या हयातीत चंद्रपूर व गडचिरोली हा एकच चांदा जिल्हा होता. गडचिरोली १९८२ साली वेगळा झाला. आज येथे एकीकडे कोळशाच्या खाणी व औष्णिक वीज केंद्र आहे, भद्रावतीजवळ दारूगोळ्याचा कारखाना आहे आणि दुसरीकडे अनेक माताभगिनी अजूनही रानातून सरपणाच्या मोळ्या वाहतात. उन्हाची तर आपल्याकडे वाण नाही. सरकारी पैसा शस्त्रांवर खर्चावा की चुलीवर, हा प्रश्न म्हणूनच आपल्याला परका नाही. नोकरीवर पाणी सोडावे लागले तरी कोसंबी तो विचारीत राहिले. शांतीसाठी प्रार्थना करताना तोच प्रश्न विचारण्याचे धैर्यही आपण मागू या.