वेडाचं सोंग घेतलेली नेली

फुलं, फॅशन, घर टापटीप कसं ठेवावं... बायकांनी पेपरात लिहायचं ते एवढंच, असं नेली ब्लायच्या संपादकांनाही वाटायचं. गोष्ट एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकेची. (आणि मी ती बायकांच्या पुरवणीत सांगतेय, आहे की नाही गंमत!)

तिचं खरं नाव एलिझाबेथ कॉक्रन. जन्म ५ मे १८६४ चा, पेनसिल्व्हेनियातला. वडील गिरणीमालक, गावातली बडी असामी. पण ती सहा वर्षांची असताना ते मृत्युपत्र न करताच गेले आणि घराची घडी विस्कटली. आईनं दुसरं लग्न केलं, तर तो नवरा मारकुटा निघाला. आईच्या घटस्फोटाच्या खटल्यात चौदा वर्षांच्या एलिझाबेथनं साक्ष दिली. पाहिलेलं न घाबरता सांगायचं, हे ती तिथंच शिकली असावी. शिक्षिका व्हायला गेली, पण पैशाअभावी एका सत्रातच घरी परतली.

१८८५ साली 'पिट्सबर्ग डिस्पॅच'मध्ये एका स्तंभलेखकानं बाईची जागा घरातच, असं लिहिलं. हिनं टोपणनावानं संतापून पत्र धाडलं. संपादकानं ते लिहिणारीला शोधून काढलं आणि चक्क नोकरी दिली! योगायोग बघा, त्याच वर्षी इकडे मुंबईत आपल्या रखमाबाई 'टाइम्स ऑफ इंडिया'त टोपणनावानंच बालविवाहाविरुद्ध पत्रं लिहीत होत्या.

नेलीनं कारखान्यातल्या मुलींचे हाल लिहिले, घटस्फोटावर लिहिलं. पण लवकरच रवानगी बायकांच्या पानावर. कंटाळून तिनं आईला बरोबर घेतलं आणि मेक्सिको गाठलं, तिथून बातमीपत्रं पाठवली. तिथल्या सरकारवर टीका केल्यावर अटकेची वेळ आली, तेव्हा परतावं लागलं.

मग १८८७ मध्ये न्यूयॉर्क, पुलित्झर यांचं 'वर्ल्ड'. ब्लॅकवेल्स बेटावरच्या वेड्यांच्या इस्पितळात रुग्ण म्हणून शिरायचं, असं काम ठरलं. वय अवघं तेवीस! एका वसतिगृहात राहून तिनं वेडाचं सोंग केलं. पोलीस, न्यायाधीश, डॉक्टर, सगळे फसले. खरी गोष्ट पुढेच आहे. आत गेल्यावर तिनं सोंग टाकून दिलं, नेहमीसारखी वागू-बोलू लागली, तरी कुणाला ती शहाणी वाटेना. बर्फासारख्या पाण्याची आंघोळ, तेच पाणी पुढचीला. शिळा पाव. दिवसभर बाकावर गप्प बसायचं. एक जर्मन बाई तर तिची भाषा कुणी समजून घेईना म्हणून अडकली होती. दहा दिवसांनी 'वर्ल्ड'नं नेलीला सोडवलं. तिच्या लेखांनी खळबळ उडाली, सरकारी चौकशी झाली आणि अशा संस्थांसाठीचा निधी वाढवला गेला.

हा भाग वाचताना मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. मनोरुग्णालयातून बऱ्या झालेल्या बायकांना घरी पोचवायच्या कामात मी अधूनमधून जाते. बरी झाल्याचा कागद हातात असतो, तरी काही घरांची दारं उघडत नाहीत. तिचं साधं हसणंसुद्धा मग लक्षण ठरतं. नेलीच्या मागे वकील पाठवणारा पेपर होता. तिच्या शेजारच्या बाकावरच्या बायकांना कोण होतं?

लोकांना मात्र ती आठवते जगप्रदक्षिणेमुळे. ज्यूल व्हर्नच्या कादंबरीतले ऐंशी दिवस मोडायचे! बाईला सोबत लागेल, ढीगभर ट्रंका लागतील, अशी कुरकूर झालीच. ती अंगावरचा एक पोशाख, एक ओव्हरकोट आणि एक छोटी बॅग घेऊन १४ नोव्हेंबर १८८९ ला निघाली. वाटेत व्हर्नना भेटली, कोलंबोत बोटीसाठी खोळंबली, सिंगापुरात माकड विकत घेतलं (ते कशाला, देव जाणे!) आणि ७२ दिवसांत परतली.

१८९५ मध्ये तिनं आपल्याहून चाळीसएक वर्षांनी मोठ्या कारखानदाराशी लग्न केलं. त्यांच्यामागे कारखाना चालवला, पण नोकरांच्या अफरातफरीनं तो बुडाला. पुन्हा लेखणी धरली. पहिल्या महायुद्धात ऑस्ट्रियाच्या आघाडीवरून बातम्या दिल्या. शेवटच्या वर्षांत ती न्यूयॉर्कच्या पेपरातल्या सदरातून टाकून दिलेल्या मुलांना घरं शोधून द्यायची. २७ जानेवारी १९२२ ला, सत्तावन्नाव्या वर्षी, न्यूमोनियानं ती गेली. तिच्या कबरीवर नावाचा दगड लागला तो थेट १९७८ मध्ये, न्यूयॉर्कच्या पत्रकारांनी बसवलेला.