सेनापती बापट : गुप्त पुस्तिकेपासून ‘दिव्य जीवना’पर्यंत

ग्रंथ गुप्तपणे सिद्ध करावयाचा, गुप्तपणेच वाटावयाचा आणि तो ज्याच्या घरी सापडेल त्याने कारावासाची तयारी ठेवावयाची, असाही एक ग्रंथव्यवहार या देशाने पाहिला आहे. त्याच्याशी ज्यांचे नाव निगडित झाले, ते पांडुरंग महादेव बापट नगर जिल्ह्यातील पारनेर येथे १२ नोव्हेंबर १८८० रोजी जन्मले.

डेक्कन कॉलेजात पदवी घेऊन १९०४ मध्ये ते शिष्यवृत्तीवर एडिंबरोस गेले. तेथे ब्रिटिश राजवटीविरुद्ध केलेल्या भाषणामुळे शिष्यवृत्ती गेली. लंडनच्या इंडिया हाउसमध्ये सावरकरांचा सहवास लाभला आणि बॉम्बविद्या संपादण्यासाठी त्यांनी पॅरिस गाठले. बंगालचे हेमचंद्र दास तेथे त्यांचे सहाध्यायी होते. रशियन क्रांतिकारकांकडून मिळालेल्या पुस्तिकेचे भाषांतर झाले, सायक्लोस्टाइल प्रती निघाल्या आणि त्या हिंदुस्थानात पोहोचल्या.

१९०८ मध्ये कलकत्त्याच्या माणिकतळा बागेत एक प्रत सरकारच्या हाती लागली. दुसरी १९०९ मध्ये नाशिकला बाबाराव सावरकरांच्या घरझडतीत मिळाली. नाशिकची प्रत साठ टंकलिखित पृष्ठांची असून तीत ४५ आकृत्या होत्या. या विद्येची दुसरी बाजूही तेव्हाच दिसली. ३० एप्रिल १९०८ रोजी मुझफ्फरपूर येथे न्यायाधीश किंग्जफर्डसाठी टाकलेल्या बॉम्बने दोन निरपराध स्त्रियांचा बळी घेतला. ज्ञान हातोहात गेले, की त्याचा उपयोग आणणाऱ्याच्या हाती राहत नाही.

अलीपूर खटल्यात नाव पुढे येताच बापट अज्ञातवासात गेले. १९१२ मध्ये उज्जयिनीच्या शेजारीच, इंदूर येथे, ते पकडले गेले. सुटकेनंतर पारनेरचे रस्ते स्वतः झाडणारा हा पदवीधर डॉ. केतकरांच्या ज्ञानकोशाच्या कामातही रमला. १९२१ मध्ये टाटा कंपनीच्या धरणाविरुद्ध मुळशीच्या शेतकऱ्यांनी सत्याग्रह आरंभिला. त्याचे नेतृत्व बापटांनी केले आणि ‘सेनापती’ ही पदवी लोकांकडून मिळविली. त्या लढ्यात रेल्वेगाडी रुळांवरून घसरविल्याबद्दल त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली. संघर्षाची धार त्यांनी कधी सोडली नाही. मात्र आता लढा उघड्यावर होता.

अलीपूर खटल्यातील आरोपी अरविंद घोष १९०९ मध्ये निर्दोष सुटले व पुढे पाँडिचेरीस योगमार्गाकडे वळले. त्यांचा महाग्रंथ बापटांनी ‘दिव्य जीवन’ या नावाने मराठीत आणला. २८ नोव्हेंबर १९६७ रोजी मुंबईत सेनापतींचे निधन झाले. तरुणपणी आणलेली पुस्तिका लपवून ठेवावी लागली. उत्तरायुष्यातील हा अनुवाद मात्र कोणत्याही ग्रंथालयाच्या कपाटात उजळ माथ्याने उभा राहू शकतो.