फ्लेमिंग यांचा जुना शत्रू

स्कॉटलंडमधील शेतकरी कुटुंबात १८८१ मध्ये जन्मलेले डॉ. अलेक्झांडर फ्लेमिंग पहिल्या महायुद्धात फ्रान्समधील लष्करी रुग्णालयात होते. जखमा चिघळून सैनिक दगावत. खोल जखमेत ओतलेली जंतुनाशके जंतूंपेक्षा शरीराच्या पांढऱ्या पेशींचाच अधिक घात करतात, हे त्यांनी तिथे दाखवून दिले.

पुढे १९२८ मध्ये लंडनच्या सेंट मेरीज रुग्णालयात स्टॅफिलोकॉकस जंतूंच्या बशीत बुरशी उगवली आणि तिच्याभोवतीचे जंतू विरघळले. हा जंतू माणसाच्या त्वचेवर, नाकात एरवी निमूटपणे राहतो. जखमेत शिरला की उग्र होतो. पेनिसिलीनचा शोध योगायोगाने लागला, असे म्हणतात. पण जखमांतील जंतूंचा त्यामागचा प्रदीर्घ अभ्यास कोण लक्षात घेतो? अर्थात, त्याचे प्रत्यक्ष औषध झाले ते ऑक्सफर्डच्या फ्लोरी व चेन यांच्यामुळे. तिघांना १९४५ चे नोबेल मिळाले. त्या वेळच्या व्याख्यानातच फ्लेमिंग यांनी बजावले होते, की अपुरी मात्रा जंतूंना मारत नाही, औषधाला सरावून सोडते.

लंडनच्याच हॅमरस्मिथ रुग्णालयात डॉ. मेरी बार्बर यांनी १९४८ पर्यंत तपासलेल्या स्टॅफिलोकॉकसच्या नमुन्यांपैकी निम्म्याहून अधिक पेनिसिलीनला दाद देईनासे झाले होते. उपचारासाठी आलेल्या रुग्णांना ते रुग्णालयातच जडत होते. फ्लेमिंग १९५५ मध्ये निवर्तले. त्यानंतर आलेल्या मेथिसिलीनलाही न जुमानणारा स्टॅफिलोकॉकस १९६१ मध्ये ब्रिटनमध्येच नोंदला गेला.