आद्य आचार्य श्रीनागदेव : ज्ञानरक्षणाची पहिली पिढी

कोणताही मार्ग प्रवर्तकाच्या सामर्थ्याने उदयास येतो. परंतु तो पुढे टिकणार की काळाच्या उदरात गडप होणार, याचा निर्णय प्रवर्तकाच्या पश्चात पहिल्या पिढीतच लागत असतो. ज्यांनी श्रीमूर्ती डोळ्यांनी पाहिली आणि वचन कानांनी ऐकले, ती माणसे एकामागून एक निघून जातात. त्यांच्या जाण्याबरोबर त्यांच्या अंतःकरणातील ठेवाही जातो. तो ठेवा वेळीच एकत्र करून, पारखून, नीट लावून पुढील पिढीच्या हाती देणारा कोणी धुरीण लाभला तरच परंपरा निर्माण होते. महानुभाव मार्गास असा धुरीण श्रीनागदेवाचार्यांच्या रूपाने लाभला. भटोबास या आदरार्थी नावाने ते सर्वत्र परिचित आहेत. त्यांच्या वैराग्याचे व आचारनिष्ठेचे वर्णन पुष्कळ झाले आहे. समुदायाच्या ज्ञानाची त्यांनी लावलेली व्यवस्था हा त्यांच्या चरित्राचा तितकाच महत्त्वाचा भाग असून त्याचे स्वतंत्रपणे चिंतन होणे अगत्याचे आहे.

नागदेवांचा जन्म इ. स. १२३६ च्या सुमारास झाला. मातोश्री आबाइसा, भगिनी उमाइसा आणि चुलत भगिनी महदाइसा या तिघीही पुढे स्वामींच्या परिवारात प्रविष्ट झाल्या. म्हणजे हे एक संपूर्ण घराणेच मार्गाच्या आरंभकाळाशी जोडलेले होते. महदाइसा आणि तिचे आप्त प्रथम रामदेव ऊर्फ दादोस यांच्याकडे आकृष्ट झाले होते, व त्यांच्या द्वारे श्रीचक्रधर स्वामींची भेट घडली. नागदेव हे काही उपजत विरक्त नव्हते. स्वामींच्या सन्निधानात त्यांचा स्वभाव पालटला, आणि त्या सन्निधानातच त्यांचे खरे शिक्षण झाले. त्या शिक्षणाला पोथी नव्हती. भिक्षा, भोजन, प्रवास, कोणाचा प्रश्न, वाटेत दिसलेले एखादे दृश्य यांच्या निमित्ताने स्वामी निरूपण करीत आणि तेही लोकांच्या मराठी बोलीत करीत. ऐकणारे ऐकत आणि ध्यानात ठेवीत.

या पद्धतीचे सामर्थ्य मोठे होते. ज्ञान प्रसंगाशी बांधलेले असल्यामुळे ते ऐकणाऱ्याच्या मनात खोलवर रुजत असे. परंतु तिच्यात एक धोकाही होता. कोणते वचन कोणत्या प्रसंगी, कोणाला उद्देशून निघाले, हे त्या वेळी जवळ असलेल्या दोन-चार जणांनाच ठाऊक असे. जो भिक्षेला गेला असेल तो त्या निरूपणास मुकला. अशा रीतीने स्वामींचे समग्र ज्ञान कोणा एकाजवळ नव्हते. ते साऱ्या परिवारात विखुरलेले होते.

इ. स. १२७४ च्या सुमारास स्वामींनी उत्तरापंथे गमन केले. परिवारावर जणू आकाश कोसळले. स्वामींच्या आज्ञेस अनुसरून नागदेवादी मंडळी ऋद्धिपुरास श्रीगोविंदप्रभूंच्या सेवेत राहिली. श्रीप्रभूंच्या लीला अनाकलनीय होत्या, आणि तेथे स्वामींप्रमाणे क्रमवार निरूपण नव्हते. त्यामुळे सेवेबरोबरच पूर्वी ऐकलेल्या निरूपणाचे मनन हाच ज्ञानाचा मुख्य आधार उरला. नागदेव एकांतात लीलांचे स्मरण करीत. ही व्यक्तिगत साधना होती. परंतु तिच्यातूनच संप्रदायाच्या इतिहासातील अत्यंत महत्त्वाचे कार्य उद्भवले.

त्या परिवारात सराळ्याचे म्हाइंभट होते. शास्त्रांचे मोठे पंडित, संपन्न, आणि पूर्वाश्रमी आपल्या विद्वत्तेचा अभिमान बाळगणारे अशी त्यांची ख्याती होती. नागदेवांचे हे अखंड स्मरण पाहून त्यांच्या मनात आले की, आज जे आचार्यांच्या हृदयात आहे ते पुढे होणाऱ्या शिष्यांना कोठून मिळणार? लीला लिहून ठेवण्याविषयी त्यांनी आचार्यांची अनुमती मागितली व आचार्यांनी ती दिली. ऋद्धिपुरी वाजेश्वरीच्या परिसरात नागदेव सांगत आणि म्हाइंभट लिहून घेत. इ. स. १२७८ च्या सुमाराचा मानला जाणारा लीळाचरित्र हा ग्रंथ या उद्योगाचे फळ होय. मराठी गद्याचा इतका विस्तृत व जिवंत ग्रंथ त्यापूर्वीचा उपलब्ध नाही.

या कार्यातील शिस्त विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. आचार्य हे परिवाराचे प्रमुख असले तरी केवळ त्यांच्या स्मरणावर ग्रंथ उभारला गेला नाही. जी लीला ज्याच्यासमोर घडली त्याच्याकडे म्हाइंभट स्वतः जात, विचारून घेत आणि लिहीत. परिवारातील वृद्ध स्त्रिया, दूरच्या गावी राहिलेले भक्त, आपापल्या संसारात असलेले वासनिक, या सर्वांची आठवण सारख्याच आदराने घेतली गेली. एकाच लीलेविषयी दोघांचे सांगणे भिन्न असेल तर दोन्ही जपण्याची वृत्ती या परंपरेत दृढ झाली; पोथ्यांमधून आढळणारे निरनिराळ्यांचे शोध याचीच साक्ष देतात. दोन साक्षींतील भेद पुसून टाकून एक गुळगुळीत कथा रचणे सोपे होते. तसे केले असते तर पुढील अभ्यासकाला सत्याचा शोध घेण्याचे साधनच उरले नसते.

म्हाइंभटांसारखा पंडित स्वतःचे पांडित्य बाजूस ठेवून साध्याभोळ्या माणसांच्या तोंडचे शब्द जसेच्या तसे टिपत राहिला, यात त्यांचा अहंकारजय दिसतोच. शिवाय अशा पंडिताकडून असे काम करवून घेणाऱ्या आचार्यांचा अधिकारही दिसतो. श्रीप्रभूंच्या पश्चात त्यांच्या लीलांचेही असेच संकलन म्हाइंभटांनी केले. ते ऋद्धिपुरचरित्र या नावाने प्रसिद्ध आहे.

परंतु संग्रह झाला म्हणजे अध्ययन झाले असे नव्हे. लीळाचरित्र विस्तृत आहे आणि त्यातील तत्त्व प्रसंगोप्रसंगी विखुरलेले आहे. नव्याने अनुसरलेल्या साधकाने विचार कोठे पाहावा, आचार कोठे पाहावा? ही अडचण केसोबासांनी ओळखली. स्वामींची वचने लीलांतून वेचून, विषयवार प्रकरणे लावून त्यांनी सूत्रपाठ सिद्ध केला. तसेच स्वामींनी दिलेले ११४ दृष्टांत निवडून दृष्टांतपाठाची रचना केली. प्रथम सूत्र, मग ते स्पष्ट करणारा दृष्टांत आणि शेवटी त्या दृष्टांताचा सिद्धांताशी मेळ घालणारे दार्ष्टांतिक, अशी त्याची योजना आहे. सूत्र पाठ करण्यास सोपे, दृष्टांत समजण्यास सोपा आणि दार्ष्टांतिक विचार करावयास लावणारे. अशा रीतीने एकाच ज्ञानाची दोन रूपे परिवारास उपलब्ध झाली. प्रसंग जाणून घ्यावयाचा तर लीला पाहावी. सिद्धांत आठवावयाचा तर सूत्र म्हणावे. एक दुसऱ्यावाचून अपुरे राहते, हे अध्ययन करणाऱ्या प्रत्येकाच्या अनुभवास येते.

आचार्यांच्या कारकीर्दीतील कसोटीचा क्षण याच सुमारास आला. केसोबास संस्कृतचे अधिकारी रचनाकार होते. शास्त्र संस्कृतात आणले तर विद्वत्सभेत त्यास मान मिळेल, असा विचार त्या काळी कोणाही पंडिताच्या मनात येणे स्वाभाविक होते. समाजातील प्रतिष्ठेची भाषा तीच होती, आणि नव्या मार्गाला प्रतिष्ठेची निकडही होती. तरीही नागदेवाचार्यांनी त्यास संमती दिली नाही. शास्त्र संस्कृतात गेले तर परिवारातील वृद्ध स्त्रिया त्यास मुकतील, हे त्यांचे कारण होते. पंडित शिष्य संस्कृतप्रचुर शब्दांत शंका विचारू लागले तेव्हाही, स्वामींनी आपणास मराठीतच निरूपण केले, तेव्हा प्रश्नही मराठीतच यावा, असा त्यांचा आग्रह राहिला.

या निर्णयाचे मोल मराठी भाषेच्या अभिमानापुरते समजणे अपुरे होईल. समुदायातील ज्ञान कोणाच्या मालकीचे, हा प्रश्न त्यामागे होता. पाच-दहा विद्वानांच्या भाषेत ज्ञान बंदिस्त झाले की उरलेला समुदाय केवळ ऐकणारा होतो. विचारण्याचा आणि तपासून पाहण्याचा त्याचा हक्क संपतो. ज्या स्त्रियांच्या स्मरणातून लीला मिळाल्या, त्यांनाच त्या लीलांचे शास्त्र दुर्बोध व्हावे, हे आचार्यांना अन्यायाचे वाटले. बाहेरचा मान त्यांनी सोडला आणि आतल्या माणसांचा अधिकार राखला.

महदाइसेचे उदाहरण या संदर्भात डोळ्यांपुढे ठेवण्यासारखे आहे. तिची जिज्ञासा प्रसिद्ध आहे. समजल्याशिवाय पुढे जावयाचे नाही आणि विचारण्यास संकोचावयाचे नाही, हा तिचा बाणा स्वामींच्या सन्निधानातही होता आणि पुढेही तसाच राहिला. ऋद्धिपुरी श्रीप्रभूंच्या विवाहलीलेच्या निमित्ताने तिने रचलेले धवळे मराठीतील आद्य कवयित्रीची रचना म्हणून मान्यता पावले. प्रश्न करणाऱ्यास उद्धट न मानता त्याच्या प्रश्नाने सर्वांच्याच ज्ञानात भर पडते असे मानणारा परिवार होता, म्हणूनच अशी स्त्री तेथे घडू शकली.

इ. स. १२८७ च्या सुमारास श्रीप्रभूंच्याही वियोगाचा आघात झाला. त्यानंतर परिवाराची संपूर्ण धुरा नागदेवाचार्यांवर आली. स्वामींनी घालून दिलेला आचार एकांताचा, अटनाचा आणि भिक्षेचा होता. साधकाने एका ठिकाणी गुंतून राहू नये, हा त्याचा हेतू. परंतु सगळेच विखुरले तर निरूपण कोणी कोणास करावे? आचार्यांनी दोहोंचा मेळ घातला. साधक अटनास जात, विजनात स्मरण करीत आणि पुन्हा आचार्यांच्या सन्निधानी येऊन शंका मांडीत. एकांतात मनन आणि समुदायात निरूपण, या क्रमाने ज्ञान ताजे राहिले व आचारालाही बाध आला नाही. पंडित दामोदर आणि कवी नरेंद्र यांच्यासारखे गुणी पुरुष या काळात मार्गात आले. इ. स. १२९२ च्या सुमाराचे नरेंद्रांचे रुक्मिणीस्वयंवर राजाच्या नावावर देण्यास त्यांनी नकार दिला आणि रातोरात जितक्या ओव्या मुखोद्गत करता आल्या तितक्या घेऊन ते आचार्यांकडे आले, अशी परंपरा आहे. तो ग्रंथ अपुरा राहिला. पण जो राहिला तो स्मरणामुळेच राहिला.

इ. स. १२९६ मध्ये अल्लाउद्दीन खिलजीने देवगिरीवर चाल केली आणि यादवांच्या राज्याची घडी विस्कटू लागली. इ. स. १३०२ च्या सुमारास नागदेवाचार्यांनी देह ठेवला. त्यांच्यानंतर बाइदेवबास आणि पुढे कवीश्वर भास्करभट्ट यांच्याकडे आचार्यपद आले. चौदाव्या शतकाच्या आरंभीच्या त्या धामधुमीत म्हाइंभटांनी लिहिलेली लीळाचरित्राची मूळ पोथी नष्ट झाली.

आचार्यांनी लावलेल्या व्यवस्थेची खरी परीक्षा येथे झाली. पोथी गेली, पण ग्रंथ गेला नाही. अनेकांनी तो पाठ केलेला होता. स्मरणशक्तीबद्दल नावाजलेल्या हिराइसेचा पाठ, रामेश्वरबासांचा पाठ, परशरामबासांचा शोध, अशा निरनिराळ्या आधारांवरून लीला पुन्हा जुळविण्यात आल्या. त्यामुळेच आज लीळाचरित्राचे एकाहून अधिक पाठ आढळतात. काही अभ्यासकांना हा पाठभेद दोष वाटतो. वस्तुतः एका पोथीवर आणि एका माणसावर ज्ञान अवलंबून नव्हते याचाच तो पुरावा आहे. ज्या वृद्ध स्त्रियांसाठी आचार्यांनी शास्त्र मराठीत राखले, त्यांच्यापैकीच एकीच्या मुखातून ते पुढील पिढीस परत मिळाले, ही गोष्ट विशेष अर्थपूर्ण आहे.

पुढील काळात ग्रंथांच्या रक्षणासाठी सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्या प्रचारात आल्या. त्यामुळे पोथ्या सुरक्षित राहिल्या आणि त्यांत बाहेरून भर घालणे अवघड झाले. मात्र लिपी न शिकलेल्यास त्या शतकानुशतके अगम्यही राहिल्या. विसाव्या शतकात त्या लिप्या उकलल्या, ग्रंथ देवनागरीत मुद्रित झाले, आणि मराठी साहित्याच्या इतिहासाचे एक संपूर्ण दालन उघडले. रक्षण आणि प्रसार यांचा हा ताण प्रत्येक परंपरेस सोडवावा लागतो. नागदेवाचार्यांनी आपल्या काळी तो सोडविताना आपल्या परिवारातील सर्वांत कमी शिकलेल्या माणसास काय कळेल, हे माप वापरले होते.

पोथी घरात असणे आणि पोथीतील ज्ञान परिवारात असणे, यांत अंतर आहे. पहिले जळू शकते, चोरीस जाऊ शकते, कपाटात कुजू शकते. दुसरे टिकविण्यासाठी रोजचे पारायण, निःसंकोच प्रश्न, साक्षींचा प्रामाणिक मेळ आणि सर्वांना समजेल अशी भाषा लागते. उपदेशी असो वा वासनिक, ज्याने एक लीला नीट समजून घेऊन दुसऱ्यास सांगितली, त्याने आद्य आचार्यांच्या कार्यात आपला वाटा उचलला असे समजावे.