हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा (जन्म : १५ मार्च १८६८, मृत्यू : २० फेब्रुवारी १९५८) हे मुंबईतील छायाचित्रकार, छायालेखक, दिग्दर्शक व चित्रपट प्रदर्शक होते. भारतीय अनुबोधपट व वृत्तपट यांचे आद्य प्रवर्तक म्हणून ते ओळखले जातात.

पार्श्वभूमी

भाटवडेकर यांचा मूळ व्यवसाय छायाचित्रणाचा होता. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या चलच्चित्रांचे भारतातील पहिले प्रदर्शन झाले. ती चित्रे पाहून भाटवडेकर प्रभावित झाले आणि त्यांनी इंग्लंडमधून चित्रीकरणाचा कॅमेरा मागविला.

चित्रपट

१८९९ मध्ये त्यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा व कृष्णा नावी या मल्लांच्या कुस्तीचे चित्रण केले. एखाद्या भारतीयाने केलेल्या अगदी आरंभीच्या चित्रणांमध्ये त्याची गणना होते. फिल्म धुण्याची सोय येथे नसल्याने ती लंडनला पाठवावी लागली. केलेले काम साधले की फसले, हे ती परत येईपर्यंत कळण्याचा मार्ग नव्हता. यानंतर त्यांनी माणूस व माकडे यांच्या खेळाचे चित्रण केले. स्वतःच्या चित्रांबरोबर ते परदेशी लघुपटही प्रेक्षकांना दाखवीत.

केंब्रिज विद्यापीठाच्या गणित परीक्षेत १८९९ मध्ये सीनिअर रँग्लर हा सर्वोच्च मान मिळविणारे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले. मुंबईत झालेल्या त्यांच्या स्वागताचे भाटवडेकरांनी चित्रण केले. कुस्ती पुन्हा लावता आली असती. हा प्रसंग मात्र एकदाच घडणारा होता. सार्वजनिक महत्त्वाची घटना घडत असतानाच टिपल्यामुळे हे चित्रण भारतातील पहिला वृत्तपट मानले जाते. त्याचा विषय राजपुरुष नसून एक भारतीय विद्वान होता, हेही लक्षणीय आहे. सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणानिमित्त लॉर्ड कर्झन यांनी १९०३ मध्ये भरविलेल्या दिल्ली दरबाराचेही त्यांनी चित्रण केले.

पुढे चित्रनिर्मिती सोडून ते प्रदर्शनाच्या व्यवसायाकडे वळले. मुंबईतील गेइटी थिएटरचे (नंतरचे कॅपिटॉल) व्यवस्थापन त्यांनी सांभाळले.

महत्त्व

दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी प्रदर्शित झाला. त्यापूर्वी सुमारे चौदा वर्षे भाटवडेकरांनी कॅमेरा हाती घेतला होता. त्यांची चित्रे कथापट नव्हती. म्हणून भारतीय कथापटाचे जनकत्व फाळके यांच्याकडे, तर वास्तवाच्या चित्रणाचा आरंभ भाटवडेकरांकडे जातो. याच सुमारास कोलकात्यात हिरालाल सेन हेही चित्रीकरण करीत होते.

भाटवडेकरांचे चित्रपट आज उपलब्ध नाहीत. आपल्या काळाची दृश्ये जपून ठेवणाऱ्या या छायालेखकाच्या कार्याचा परिचय आता केवळ लिखित नोंदींतूनच होतो.